'आपण' आणि 'आम्ही': मल्याळम सिनेमाची सबटायटल्स लिहून घेणाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
मल्याळम चित्रपट देशभर दाखवणारे सर्व ओटीटी मंच
आणि त्यांच्यासाठी सबटायटल्स व डबिंग करून घेणारी मंडळी

सप्रेम नमस्कार.

माझी आई ७१ वर्षांची आहे. माहेर वेंगुर्ल्याचं, लग्नानंतर सगळा जन्म डोंबिवलीत गेला. लॉकडाऊनमध्ये माझ्यामुळे तिला मल्याळम सिनेमाची गोडी लागली. पहिल्या दिवशी तिनं गोष्टीकडे लक्षच दिलं नाही. ती बघत होती चिऱ्याची भिंत, कौलांच्या पागोळ्या, नारळ खवणारी बाई, ओल्या अंगणात वाळत न वाळत पडलेले कपडे. तासाभरानं मला म्हणाली, "घर तर आपल्यासारख्याच दिसता, मगे ही माणसां हिंदीत कित्याक बोलतत?"

तुमच्या मंचावर तेव्हा दोनच वाटा होत्या. हिंदी डबिंग, नाहीतर मूळ आवाज आणि खाली इंग्रजी सबटायटल्स. आईला इंग्रजी वाचता येतं, पण ओळ वाचून होईपर्यंत माणूस खोलीतून निघून गेलेला असतो. म्हणून हिंदी लावलं. आणि तिनं पहिल्याच तासात बरोबर त्याच जागी बोट ठेवलं, जिथं मी पुढची कित्येक वर्षं अडखळत राहिले आहे.

हे पत्र त्यासाठीच आहे. मल्याळम सिनेमा तुम्ही केरळबाहेर आणलात, त्याबद्दल तुमचे आभार मानायलाच हवेत. तुम्ही नसता तर माझ्यासारख्या माणसाला तो फक्त डिसेंबरात एखाद्या महोत्सवाच्या रांगेत उभं राहून मिळाला असता. पण तुम्ही आणलेल्या चित्रपटातलं गाव वाटेत कुठंतरी उतरून जातं. आमच्यापर्यंत घर पोचतं, पाऊस पोचतो, मासे पोचतात. बोलणारी माणसं मात्र कुठलीच नसतात.

मल्याळम सिनेमात गाव ही मागे लावलेली चित्राची चौकट नाही. गोष्टच मुळात गावातून उगवलेली असते, आणि गाव सगळ्यात जास्त असतं ते बोलण्यात.

साधं उदाहरण घेते. मोहनलाल यांना केरळात 'लालेट्टन' म्हणतात आणि मम्मुट्टी यांना 'मम्मुक्का'. दोन्हीचा अर्थ 'दादा'च. पण 'एट्टन' आणि 'इक्का' यांत फरक आहे. मुसलमान घरातला मोठा भाऊ 'इक्का' असतो, कोट्टयमकडच्या ख्रिस्ती घरातला 'इच्चायन' किंवा 'अच्चायन', हिंदू घरांतून 'एट्टन' आणि 'चेट्टन'. आई कुठं 'अम्मा', कुठं 'उम्मा', कुठं 'अम्मच्ची'. २०११ च्या जनगणनेप्रमाणे केरळात सुमारे ५५ टक्के हिंदू, २७ टक्के मुसलमान आणि १८ टक्के ख्रिस्ती. एवढी सगळी सरमिसळ एकाच गल्लीत राहते, आणि कोण कोणाला काय हाक मारतो यावरून प्रेक्षकाला पहिल्या मिनिटात कळतं की आपण कोणाच्या घरात आलो आहोत. एखादा हिंदू पोरगा शेजारच्या मुसलमान माणसाला सहज 'इक्का' म्हणतो, तेव्हा त्या एका शब्दात त्या गल्लीचा चाळीस वर्षांचा शेजार असतो. तुमच्या सबटायटलमध्ये तिथं 'भाई' असतं. नाहीतर त्या माणसाचं नुसतं नाव. नाहीतर काहीच नसतं, कारण हाक मारण्यात 'माहिती' नाही असं कोणीतरी ठरवलेलं असतं.

'अम्मावन'चंही तसंच. इंग्रजीत तो 'अंकल' होतो. काका, मामा, आतोबा, मावसोबा आणि रस्त्यात पत्ता विचारणारा माणूस, सगळे एकाच शब्दात. मराठीत निदान 'मामा' म्हणता येतं. पण आपला मामा म्हणजे सुट्टी, आंबे आणि लाड. केरळातल्या नायर घराण्यांत आणि इतरही काही समाजांत वंश आईकडून चालायचा, आणि तरवाडाचा, म्हणजे एकत्र घराण्याचा, कारभार आईच्या भावाच्या हातात असायचा. भाचे-भाच्या त्याच्या धाकात वाढायच्या. १९७५ च्या कायद्यानं ती एकत्र कुटुंबपद्धत कागदोपत्री संपली. शब्दातला धाक संपला नाही. आजही सारखा उपदेश करणाऱ्या जुन्या वळणाच्या माणसाला केरळातली तरुण मुलं 'अम्मावन' म्हणून मोकळी होतात. अडूर गोपालकृष्णन यांचा १९८१ चा 'एलिप्पत्तायम' हा अशाच एका घराण्यातल्या कर्त्या पुरुषाचा चित्रपट आहे, ज्याला कर्तेपण पेलत नाही आणि सोडवतही नाही. तिथली नाती 'अंकल', 'ब्रदर' करून वाचली तर तो एका आळशी माणसाचा चित्रपट वाटतो. मला पहिल्यांदा तसाच वाटला होता.

आता ज्या गोष्टीमुळे हे पत्र लिहायला घेतलं, तिच्याकडे येते.

आमच्या मजल्यावर एक मल्याळी बाई राहतात, त्रिशूरच्या. आम्ही सगळे त्यांना चेच्ची म्हणतो, म्हणजे ताई. एका रात्री त्या आमच्याकडे बसून आमच्यासोबत चित्रपट बघत होत्या. घरात नव्यानं आलेली सून आणि सासरची मंडळी बोलत होती. सबटायटलमध्ये दोनदा 'वी' आलं. आधी सून म्हणाली, मग सासू म्हणाली. चेच्ची एकदम म्हणाल्या, "बघितलंत ना काय बोलली ती?" आम्हाला काहीच बघायला मिळालं नव्हतं. मग त्यांनी सांगितलं. सून म्हणाली होती 'नम्मळ'. सासू म्हणाली 'ञङ्ङळ'.

'नम्मळ' म्हणजे आपण. 'ञङ्ङळ' म्हणजे आम्ही.

सुनेनं 'आपण' म्हटलं आणि सासूनं 'आम्ही' म्हणून तिला उंबऱ्याबाहेर उभं केलं. पुढचा अख्खा चित्रपट त्या दोन शब्दांवर उभा होता. इंग्रजीत दोन्हींना 'वी', हिंदीत दोन्हींना 'हम'. ज्यानं इंग्रजी लिहिलं त्याचा दोष नाही, त्याच्या भाषेत ती सोयच नाही. पण मराठीत आहे! ऐकणाऱ्याला सामावून घेणारं 'आपण' आणि त्याला वगळणारं 'आम्ही' हा फरक मराठी मूल शाळेत जायच्या आधी शिकतं. आईला मी त्या दोन ओळी मराठीत सांगितल्या मात्र, ती लगेच म्हणाली, "म्हणजे सुनेक भायली धरल्यानी." बास, तिला पुढचं काही सांगावं लागलं नाही.

त्यानंतर मी एक उद्योग केला. चेच्चींना शेजारी बसवून त्या चित्रपटाच्या पहिल्या वीस मिनिटांचे संवाद मराठीत लिहून काढले. वहीत, हातानं. त्याला आम्हाला पाच संध्याकाळी लागल्या. 'एडा'ला 'अरे', 'एडी'ला 'अगं'. साधं 'नी' म्हणजे 'तू'. 'निङ्ङळ' म्हणजे 'तुम्ही', पण तिथंही गंमत होती. चेच्ची म्हणाल्या, मलबारात, म्हणजे उत्तर केरळात, वडीलधाऱ्यांना 'इङ्ङळ' म्हणणं हे अदबीचं, आणि खाली दक्षिणेत मोठ्या माणसाला तोंडावर 'निङ्ङळ' म्हटलं तर ते उर्मट वाटू शकतं. तिथं सर्वनाम टाळून 'चेट्टन चहा घेणार का' असं विचारतात. हे ऐकून आई म्हणाली की तिचे वडीलही गावच्या भटजींना तोंडावर 'तुम्ही' न म्हणता 'भटजी येतले मां' असंच विचारायचे. इंग्रजीतून यातलं काहीही येणार नव्हतं. मला तर तोवर कल्पनाही नव्हती की यायला हवं होतं.

तुमच्याकडची कामाची रीत मला बाहेरून जेवढी कळते ती अशी: आधी मल्याळमवरून इंग्रजी सबटायटल्स तयार होतात, आणि बाकीच्या भाषा बरेचदा त्या इंग्रजीवरूनच केल्या जातात. म्हणजे केरळातल्या दोन माणसांचं बोलणं आधी 'तू-तुम्ही' नसलेल्या, 'आपण-आम्ही' नसलेल्या, काका-मामा नसलेल्या भाषेतून गाळून घ्यायचं, आणि मग ज्या भाषेत हे सगळं होतं तिच्यात अंदाजानं पुन्हा घालायचं. वाटेतलं ते इंग्रजी काढून टाका, हीच माझी पहिली मागणी आहे. मल्याळम जाणणारा मराठी माणूस आणि मराठी जाणणारा मल्याळी माणूस शोधायला लांब जावं लागत नाही. मुंबई, ठाणे, डोंबिवली, पुणे, पिंपरी इथं मल्याळी कुटुंबांच्या दोन-तीन पिढ्या वाढल्या आहेत. त्यांची मुलं आमच्याच शाळांत होती.

बोलींचा प्रश्न याहून अवघड आहे, आणि त्यावर माझं एक ठाम मत आहे. केरळ लांबीला साडेपाचशे-सहाशे किलोमीटरची चिंचोळी पट्टी, पण तिरुवनंतपुरमचा माणूस तोंड उघडताच कोळिकोडचा माणूस हसतो, आणि त्रिशूरचा हेल तर कोणीही ओळखतो. दिलीश पोत्तन यांचा २०१७ चा 'तोंडिमुतलुम दृक्साक्षियुम' घ्या. दक्षिणेकडच्या कायलकाठचं, म्हणजे बॅकवॉटरच्या काठचं, एक जोडपं घरच्यांच्या विरोधामुळे थेट उत्तर टोकाला कासरगोडला येऊन राहतं. कोरडा मुलूख, पाण्याची वानवा, ओळखीचं कोणी नाही. बसमध्ये साखळी चोरीला जाते आणि दोघं पोलीस चौकीत अडकतात. त्या चौकीतले बरेच पोलीस हे खरोखरचे पोलीस आहेत, दिग्दर्शकानं त्यांनाच घेतलं. त्यांचं बोलणं आणि या जोडप्याचं बोलणं वेगळं आहे, आणि मल्याळी प्रेक्षकाला दर वाक्याला ऐकू येत राहतं की ही दोघं इथली नाहीत. सबटायटलमध्ये सगळेच एका सुरात बोलतात. मग ते परकेपण प्रेक्षकाला नुसतं डोळ्यांनी हुडकत बसावं लागतं.

यावर काही जण सुचवतील की कासरगोडच्या पोलिसाला वऱ्हाडी द्या, कोचीच्या कोळ्याला मालवणी द्या. कृपा करून तसं करू नका. मालवणी बोलणारा कोळी मालवणचाच होतो, तो चेल्लानमचा राहत नाही. मी आईसाठी लिहिताना हा मोह मलाही झाला होता. दोन पानं तशी लिहून फाडून टाकली. आमची बोली उसनी देण्यापेक्षा त्यांचे शब्द तसेच ठेवा. 'चेट्टन', 'इक्का', 'उम्मा', 'अम्मच्ची', 'मोने' (म्हणजे 'बाळा') हे शब्द देवनागरीत जसेच्या तसे येऊ द्या. प्रेक्षक दोन प्रसंगांत शिकतो. आम्ही बंगाली 'दादा' आणि पंजाबी 'पाजी' शिकलोच ना? आणि माणूस दुसऱ्या मुलखातला आहे हे जिथं गोष्टीला आवश्यक आहे, तिथं समोरच्याला एखादा शब्द न कळल्याचं, एखादा शब्द परत विचारल्याचं दिसू द्या. मूळ संवादात ते बहुतेक वेळा असतंच, वाचायला वेळ नाही म्हणून गाळलं जातं.

डबिंगबद्दल मला कळवळून सांगायचं आहे ते एकाच चित्रपटाच्या निमित्तानं. लिजो जोस पेल्लिश्शेरी यांचा 'नन्पकल नेरत्तु मयक्कम'. तमिळनाडूतल्या वेलांकण्णीच्या यात्रेहून परतणारी मल्याळी मंडळींची बस, दुपारची झोप, आणि मम्मुट्टी यांनी केलेला जेम्स नावाचा माणूस वाटेत एका तमिळ खेड्यापाशी बस थांबवून खाली उतरतो. शेतातून चालत एका घरात शिरतो आणि त्या घरातून नाहीसा झालेला सुंदरम असल्यासारखा वागायला लागतो. आणि तमिळ बोलायला लागतो. हीच घटना आहे! बसमधल्या बायकोला आणि मुलाला आपला माणूस हरवल्याचं कळतं ते त्याच्या भाषेवरून. पाठीमागे सतत जुने तमिळ चित्रपट आणि गाणी वाजत असतात. आता यातल्या प्रत्येकाच्या तोंडी एकच भाषा घातली, तर हरवलं काय आणि सापडलं काय? असे चित्रपट डब करूच नयेत असं माझं म्हणणं आहे. आणि सबटायटल देताना मल्याळम आणि तमिळ ओळी वेगळ्या रंगात किंवा वेगळ्या वळणात द्याव्यात. एवढ्या एका खुणेनं माझ्या आईला तो चित्रपट मिळाला असता. तो बघताना मी तिच्या कानाशी बसून 'आता तमिळ, आता मल्याळम' असं सांगत होते.

सुडानी नावाचा चित्रपट तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल, 'सुडानी फ्रॉम नायजेरिया', २०१८. मलप्पुरममध्ये सात-सात जणांच्या फुटबॉलचं वेड आहे, तिथल्या संघांत आफ्रिकेतले खेळाडू येतात, आणि देश कुठलाही असो, लोक त्यांना सरसकट 'सुडानी' म्हणतात. जखमी झालेल्या नायजेरियन मुलाची दोन म्हाताऱ्या आया काळजी घेतात. त्यांना त्याची भाषा येत नाही, त्याला त्यांची. त्या आपल्या मलबारी बोलीत बोलतच राहतात. त्या दोघींचं बोलणं सफाईदार, पुस्तकी करून टाकलं तर त्यांची मायाही पुस्तकी होते.

गाण्यांबद्दल थोडक्यात. गाणं सुरू झालं की तुमची सबटायटल्स बरेचदा बंद पडतात. १९५४ मध्ये रामू कार्याट आणि पी. भास्करन यांचा 'नीलक्कुयिल' आला. तोवर मल्याळम गाणी बऱ्याच अंशी हिंदी चालींवर बेतली जायची. के. राघवन यांनी त्यात मोपला मुसलमानांच्या लोकगीतांचा ठेका आणला, कायलकाठचं गाणं स्वतः गायलं, आणि मल्याळम चित्रपटाचं गाणं त्या दिवसापासून आपल्या मातीत आलं असं तिकडचे लोक आजही मानतात. ज्या गाण्यात माती आली तेच तुम्ही कोरं सोडता.

आणि संस्कृती म्हणजे नुसती माया आणि माती नव्हे, हेही लिहिलं पाहिजे. मल्याळमच्या पहिल्याच चित्रपटात, जे. सी. डॅनियल यांच्या 'विगतकुमारन'मध्ये, पी. के. रोझी या दलित स्त्रीनं नायर स्त्रीची भूमिका केली. वरच्या जातींच्या लोकांना ते सहन झालं नाही, तिला मुलूख सोडून जावं लागलं. तेव्हापासून आजपर्यंत जात या सिनेमात आहे, कधी दडवलेली, अलीकडे बरीच उघड. संवादात ती असते आडनावात, हाक मारण्याच्या पद्धतीत, शिव्यांत. सबटायटलमध्ये जातीवरून दिलेल्या शिवीचं 'नालायक' झालेलं मी स्वतः पाहिलं आहे. चेच्चींनी खरा शब्द सांगितला तेव्हा खोलीत कोणी बोलेना. अशानं वाईट माणूसही सभ्य दिसायला लागतो. जी कडू गोष्ट दाखवण्याची हिंमत तिथल्या लेखकानं केली, ती आमच्यासाठी गोड करू नका. आम्ही महाराष्ट्रातले लोक आहोत, जात आम्हाला नीट कळते.

कोणी म्हणेल की हे काम बाहेरच्या माणसाला जमणार नाही. १९६५ चा 'चेम्मीन' आठवा. तकळी शिवशंकर पिळ्ळै यांच्या कादंबरीवरचा, आलप्पुळकडच्या कोळी वस्तीचा. नवरा समुद्रावर असताना किनाऱ्यावरच्या बायकोचं पाऊल घसरलं तर कडलम्मा, समुद्रमाता, त्याला परत येऊ देत नाही, या समजुतीभोवती गुंफलेला. त्याचं संगीत सलील चौधरींचं, संकलन हृषीकेश मुखर्जींचं, आणि त्यातलं विरहाचं गाणं मन्ना डे मल्याळममध्ये गायले. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळवणारा तो दक्षिणेतला पहिला चित्रपट. बाहेरच्या माणसांनीही त्या किनाऱ्याची गोष्ट आपली केली. तुमच्या अनुवादकांना ऐकायला वेळ द्या. तुम्ही त्यांना किती दिवस देता मला माहीत नाही, पण आमची वीस मिनिटं पाच संध्याकाळी खाऊन गेली होती, आणि चेच्चींना त्यातलं काही शोधावं लागत नव्हतं, त्यांचीच भाषा होती. आणि अनुवादकाचं नाव शेवटच्या नामावलीत घाला. जो माणूस अडीच तास माझ्या आईच्या डोळ्यांसमोर असतो, त्याचं नाव तिला कळायला हवं.

राहिला मराठीचा प्रश्न. २०११ च्या जनगणनेत मराठी मातृभाषा असलेले लोक ८ कोटी ३० लाख आहेत. 'मराठी माणसाला हिंदी कळतं' हे उत्तर मी बऱ्याच ठिकाणी ऐकलं आहे, आणि ते खरं आहे. आईला हिंदी कळतं. पण हिंदीत तिला सुनेला बाहेर काढलेलं कळलं नाही, मराठीत एका ओळीत कळलं. केरळ सरकारनं २०२४ मध्ये सी-स्पेस हा स्वतःचा ओटीटी मंच सुरू केला. हे पत्र त्यांच्यापर्यंत पोचलं तर त्यांनाही माझी हीच विनंती आहे, कदाचित त्यांना ती लवकर पटेल.

सगळे चित्रपट एकदम करा असं म्हणत नाही. एक करा. मल्याळमवरून थेट मराठी, 'आपण' तिथं आपण, 'आम्ही' तिथं आम्ही, 'इक्का' तिथं इक्का, गाण्यासकट. वीस मिनिटांची माझी वही तयार आहे, चेच्चींनी तपासलेली आहे, हवी तर घेऊन जा, त्याचे पैसे नकोत. पुढचं काय झालं ते आईला अजून वाचायचं आहे. अक्षरं तेवढी जरा मोठी ठेवा, मोतीबिंदूचं एकाच डोळ्याचं ऑपरेशन झालं आहे.

आपली,
डोंबिवलीची एक प्रेक्षक